पांढरा रस्सा नक्की कुणाचा? मंडळातल्या चढाओढीबद्दल जरा स्पष्ट बोलते

लंडनच्या पश्चिमेकडच्या एका उपनगरातून कोल्हापूरच्या लेकीचं भलं मोठं पत्र आलंय. माहेर शिवाजी पेठेतलं, तिकडं जाऊन बरीच वर्षं झालीत, दोन मुलं, नवरा-बायको दोघंही नोकरीला. त्यांच्या मराठी ग्रुपची दर जुलैमध्ये आखाडाची पार्टी असते, श्रावण लागायच्या आत, प्रत्येकानं घरून एक पदार्थ करून आणायचा. यंदा ग्रुपमधल्या एका ताईंनी, ज्या कोल्हापूरच्या नाहीत पण ज्यांचं घर सगळ्यात मोठं आणि मागं ऐसपैस गार्डन, त्यामुळं पार्टी कायम तिथंच, त्यांनी 'ऑथेंटिक कोल्हापुरी तांबडा-पांढरा' अशी पाटी लावून दोन मोठी पातेली ठेवली. पांढऱ्यात फ्रेश क्रीम, तांबड्यात पाकिटातला मसाला. लोकांनी वाहवा केली, फोटो काढले, आणि हिचं सुकं मटण कोपऱ्यात अर्धं उरलं. हिनं चारचौघांत सांगितलं की हा पांढरा रस्सा नाहीच. तिथून ठिणगी पडली. आता दोन व्हॉट्सॲप ग्रुप झालेत, मुलाच्या वाढदिवसाला अर्ध्या लोकांना बोलावणं नाही, आणि त्या ताईंनी मेसेज टाकला की कोल्हापुरी पदार्थांना जीआय मिळालाय, हा सगळ्यांचा वारसा आहे, कुणा एकीची मक्तेदारी नाही. आमच्या लेकीला विचारायचंय की जीआय आहे म्हटल्यावर उलट कोल्हापूरच्याच माणसानं करायला पाहिजे ना, आणि त्यांना काय उत्तर देऊ.

बाळ, कायद्याचं आधी उरकून घेऊ, कारण तिथं तुम्ही दोघीही चुकताय.

जीआय म्हणजे भौगोलिक मानांकन. आपल्याकडं त्याचा कायदा १९९९ चा, अमलात आला २००३ मध्ये, नोंदणी चेन्नईच्या ऑफिसात होते आणि दर दहा वर्षांनी रिन्यू करावी लागते. कोल्हापूरच्या गुळाला हे २०१४ मध्ये मिळालं, आजऱ्याच्या घनसाळ तांदळाला २०१६ मध्ये, चपलेलाही आहे. ही सगळी बाजारातल्या मालाची नावं. भलतीकडचा गूळ कोल्हापुरी म्हणून छापून कुणी विकायला लागला तर त्याला अडवता यावं आणि इथं ऊस लावणाऱ्याच्या पदरात चार पैसे जास्त पडावेत, यासाठी ती सगळी खटपट. घरात कुणी काय शिजवायचं, कुठल्या पेठेत जन्मलेल्यानं ढवळायचं, याच्याशी कायद्याला काही देणंघेणं नाही. आणि भारतातली नोंदणी तिकडं आपोआप चालतही नाही, दार्जिलिंगच्या चहालासुद्धा युरोपात वेगळी नोंदणी घ्यावी लागली, ती मिळाली २०११ मध्ये. त्यामुळं जीआयचा दाखला ना त्यांनी द्यायचा ना तू.

पण गुळाचं नाव निघालंच आहे तर थोडं थांबते, कारण मला खरी काळजी त्याचीच वाटते. गुऱ्हाळावर तू लहानपणी गेली असशीलच, काहिलीत रस उकळायला लागला की भेंडीच्या झाडाचं चिकट पाणी सोडतात, त्यानं मळी वर येते, ती झाऱ्यानं काढत राहायची, आणि गुळव्या नुसत्या फेसाकडं आणि वासाकडं बघून सांगतो की आता काहील उतरवा. क्षणभर उशीर झाला तर गूळ करपतो, लवकर उतरवला तर घट्ट बसत नाही. हे डोळ्याचं आणि नाकाचं शिक्षण आहे, कागदावर लिहून येत नाही. आणि गिऱ्हाईकाला पिवळाधमक गूळ पाहिजे म्हणून त्यात केमिकल पडतं, वजन वाढावं म्हणून साखर पडते, आणि नुसता उसाच्या रसाचा गूळ करणारा काळपट रंगामुळं मागं राहतो. वारसा वाचवायचा असेल तर तो इथं वाचवायचाय गं. तुमच्या ग्रुपात तीसेक घरं आहेत म्हणतेस, सगळ्यांनी ठरवून वर्षाचा गूळ खात्रीच्या गुऱ्हाळाचा मागवला, रंग बघून नाही तर चव बघून, तर त्या भांडणातल्या शंभर मेसेजपेक्षा कोल्हापूरचं जास्त भलं होईल.

आता तुझ्याच देशातलं एक उदाहरण देते. स्टिल्टन चीज तुम्ही सुपरमार्केटात बघताच, त्या नावाला १९९६ पासून संरक्षण आहे आणि ते फक्त डर्बीशर, लेस्टरशर आणि नॉटिंगहॅमशर या तीन काउंटींतच करता येतं. आणि ज्या स्टिल्टन गावावरून नाव पडलं ते गाव केंब्रिजशरमध्ये, म्हणजे त्या गावात केलेल्या चीजला स्टिल्टन म्हणता येत नाही! गावचं नाव लावून जन्मल्यामुळं हक्क मिळतो हा तुझा मुद्दा तिथं टिकला नसता. आपल्या रसगुल्ल्याचं बघ, बंगाल आणि ओडिशा कितीतरी वर्षं भांडले, शेवटी २०१७ ला बांगलार रसगुल्ल्याला जीआय मिळालं आणि २०१९ ला ओडिशाच्या रसगोलालाही मिळालं, कारण दोन्हीकडची करायची रीत आणि चव वेगळी. कोल्हापुरी चपलेचं मानांकनसुद्धा एकट्या कोल्हापूरचं नाही, महाराष्ट्रातले चार आणि कर्नाटकातले चार जिल्हे त्यात आहेत, आणि ते बरोबरच आहे, कारण अथणी-निपाणीकडच्या कारागिरांचे हातही त्याच चपलेत आहेत.

म्हणून वारसा या शब्दाखाली भांडू नका. युनेस्कोच्या यादीत २०१३ मध्ये दक्षिण कोरियाचं किमजांग, म्हणजे किमची हे आंबवलेलं लोणचं एकत्र बसून घालायची रीत, आलं, दोन वर्षांनी उत्तर कोरियाची किमची करायची परंपराही आली. एकमेकांचं तोंड न बघणारे दोन देश, आणि यादीत दोघंही. आणि बघ, तिथं नोंद नुसत्या बरणीतल्या किमचीची नाही, थंडी पडायच्या आधी बायका-माणसं एकत्र बसून ती करतात आणि शेजारीपाजारी वाटतात, त्या करण्या-वाटण्याची आहे.

आता तुझ्याबद्दल. रस्सा क्रीमचा होता याचा तुला जेवढा राग आला त्यापेक्षा जास्त राग, मला वाटतं, पाटी त्यांच्या टेबलावर होती याचा आला. त्यांचं घर मोठं, पार्टी त्यांच्याकडं, फोटोत त्या मधोमध, आणि परक्या मुलखात जी एक गोष्ट तुझी म्हणून तू जपलीस तीही त्यांनीच उचलली. हे लागणारच, कुणालाही लागेल, त्यात लाज वाटायचं काही नाही. पण ते दुखणं वेगळं आणि रश्शाची शुद्धता वेगळी, दोन्ही एकत्र कालवलंस म्हणून चारचौघांत तुझं बरोबर असूनही तू भांडखोर दिसलीस. आणि त्या ताईंचाही विचार कर, इतक्या माणसांचं मटण शिजवायचं, अंगण झाडायचं, पार्टी उलगडल्यावर भांडी घासायची, हे दरवर्षी एक बाई करते. तिला कोल्हापुरी करावंसं वाटलं यात आपल्या गावाचा मानच आहे.

आणि हो, क्रीम घातलेला तो पांढरा रस्सा नव्हे, इथं मी तुझ्याच बाजूची. ती मलईची ग्रेव्ही होते, भातावर घट्ट बसते. पांढरा वाटीनं प्यायचा असतो, पातळ, नाकात मिऱ्याची झणक आली पाहिजे. मटण कमी तिखटमिठात शिजवून त्याचं अळणी पाणी काढायचं, त्यात हळद अगदी बेतानं नाहीतर रंग पिवळा, मग तीळ, खसखस, काजू वाटून लावायचे, अख्खा गरम मसाला तुपात, आणि नारळाचं दूध सगळ्यात शेवटी. ते घातलं की खळखळून उकळी येऊ द्यायची नाही, फुटतं. तिकडं डब्यातलं नारळाचं दूध घेत असाल तर त्यात निम्मं पाणी घाल, ते फार दाट असतं. आणि मटण. तिकडच्या दुकानात मटण म्हटलं की बऱ्याचदा मेंढीचं देतात, त्याच्या चरबीचा वास पांढऱ्यात लगेच कळतो, म्हणून हलाल दुकानात बोकडाचंच माग, हाडांसकट, नळ्या जास्त. नाहीच मिळालं तर सरळ कोंबडी घे, रस्सा चांगला होतो. हे सगळं त्या ताईंना माहीत असायचं काही कारण नाही, कुणी सांगितलंय का त्यांना? तू सांगितलंस ते 'हा पांढरा नाही' एवढंच, कसा करायचा ते नाही सांगितलंस.

तर करायचं असं. मेसेजला उत्तर देऊ नकोस, ग्रुपवर तर मुळीच नको. त्यांना फोन कर, फोनच, आणि म्हण की ताई, मी सगळ्यांसमोर बोलले ते तसं बोलायला नको होतं, पण कोल्हापूरचा विषय निघाला की माझं असं होतं, तुमचं गार्डन मोठं आहे, पुढच्या जूनमध्ये तिथं आपण सगळ्या मिळून वर्षाचा कांदा-लसूण मसाला करूया का. त्या हो म्हणतील. घरी चार माणसं यावीत म्हणून धडपडणारी बाई असल्या गोष्टीला नाही म्हणत नाही. आणि नाहीच म्हणाल्या तर तुझ्या बाजूनं तू मोकळी झालीस, मग आपल्या परसात दोघी-तिघींत कर.

इथं एप्रिल-मेमध्ये प्रत्येक गल्लीत मिरच्या वाळत असतात आणि मसाला कुटायच्या डंकावर नंबर लावून बायका बसलेल्या असतात, शिंका येताहेत, डोळ्याला पदर लावलाय, आणि गप्पा काही थांबत नाहीत. तिकडं डंक नाही पण मोठा मिक्सर चालतो, फक्त घरात करू नका, स्मोक अलार्म वाजेल आणि शेजारी दार वाजवतील. आमच्या घरचं माप सांगते, तुझ्या आईचं वेगळं असेल: एक किलो मिरची, त्यात निम्मी ब्याडगी रंगाला आणि निम्मी संकेश्वरी तिखटाला, अर्धा किलो सुकं खोबरं, अर्धा किलो कांदा, पाव किलो लसूण, पाव किलो धने, बाकी तीळ, जिरं, खसखस, दगडफूल, नागकेशर, हिंग, मीठ. तिकडच्या उन्हाचा भरवसा नाही, म्हणून कांदा उभा पातळ चिरून ओव्हनमध्ये मंद आचेवर कोरडा कर, ओलसर राहिला तर दोन महिन्यांत बुरशी. या महिन्यात आईला फोन करून तिचं माप लिहून घे, वाटीनं, मुठीनं, जसं ती सांगेल तसंच, आणि मुलीला शेजारी बसवून लिहायला लाव.

मुलं तिखट खात नाहीत असंही लिहिलंयस. पांढऱ्यापासून सुरू कर, आमच्याकडंही लहान पोरांना आधी अळणी आणि पांढराच देतात, तांबड्याकडं ती आपण होऊन वळतात. जबरदस्तीनं कोल्हापूर घशाखाली उतरत नाही.

दुबई, सौदी किंवा सिंगापूरला राहणाऱ्यांनी हे वाचून उत्साहानं मसाला बॅगेत टाकू नये, तिथं खसखस चालत नाही, पकडली तर मोठी भानगड होते. तिकडच्यांनी मसाला आणि पांढरा दोन्ही बिनखसखशीचेच करायचे, तीळ थोडे जास्त घ्यायचे, चवीत फार फरक पडत नाही.

राहिला प्रश्न त्यांच्या टिफिनचा. त्या 'कोल्हापुरी थाळी' म्हणून ऑर्डर घेणार आहेत असं शेवटी लिहिलंयस आणि ते थांबवता येईल का विचारलंयस. थांबवायच्या मागं लागू नकोस. मसाल्याच्या दिवशी त्यांना पांढरा करून दाखव, त्यांच्याच गॅसवर, त्यांच्याच पातेल्यात, आणि सांग की थाळी विकणार असाल तर क्रीम काढा आणि गूळ इथल्या गुऱ्हाळाचा वापरा, पत्ता मी देते. गुळाचा पत्ता मला मेल कर म्हटलंस तर मी पाठवीन. मिरचीचं माहेरी आत्ताच सांगून ठेव, चांगली संकेश्वरी उशिरा मागितली की मिळत नाही.