आगीला कळवा, चावी सचिवांकडे आहे

प्रश्न : आमची इमारत 17 मजली. जुलैच्या तपासणीसाठी समितीने सगळी अग्निशमन यंत्रं लाल रंगाने चकाचक केली आणि चोरीच्या भीतीने तळमजल्यावरच्या कपाटात कुलूपबंद ठेवली. चावी सचिवांकडे असते, ते शनिवार-रविवार गावी जातात. तयारीत काही राहिलं का?
– एक सभासद, ठाणे

उत्तर : आगीला सोमवार ते शुक्रवार यायला सांगायचं राहिलं. 6 किलोचं एबीसी पावडरचं (घरातल्या बहुतेक आगींवर चालणारं) यंत्र पंधरा-वीस सेकंदांत रिकामं होतं. म्हणजे ते पेटलेल्या पडद्यासाठी आहे, पेटलेल्या फ्लॅटसाठी नाही. ते आणायला 17 मजले उतरून कुलूप शोधेपर्यंत पडद्याचा फ्लॅट झालेला असतो. यंत्रं प्रत्येक मजल्यावर जिन्याजवळ, खुंटीवर टांगा.

आता रंगाचं. रंगारी दाबाच्या काट्यावरूनही ब्रश फिरवतो आणि वाळलेल्या रंगाने पिन घट्ट चिकटते. काच ब्लेडने खरवडा. काटा हिरव्या पट्ट्यात हवा. यंत्र उलटं धरून कानाशी लावा. आत पावडर सरकल्याचं ऐकू आलं नाही, तर तिचा तळाशी गोळा झालाय. सीओटू म्हणजे कार्बन डायऑक्साइडच्या यंत्राला काटा नसतो, ते वजन करूनच तपासतात. वापरताना पाठ दाराकडे ठेवा, पिन उपटा आणि दोन-अडीच मीटरवरून ज्वाळेवर नव्हे, आगीच्या बुडाशी झाडू मारल्यासारखी पावडर फिरवा.

आगीसाठी पाणी चढवणाऱ्या पंपाच्या पॅनेलचा स्विच ‘ऑटो’वरच हवा. रात्री आवाज होतो म्हणून तो ‘मॅन्युअल’वर ठेवण्याची रीत घरोघरी आहे. होजबॉक्स, म्हणजे आगीच्या पाण्याच्या पाइपची पेटीही उघडून बघा. पितळी नोझल बहुधा भंगारात पोचलेलं असतं.

प्रश्न : आठव्या मजल्यावरच्या रेफ्युज एरियात (आगीच्या वेळी आसऱ्याला थांबायच्या जागेत) गणपतीचं जुनं थर्माकोलचं मखर ठेवलंय. चालेल?

उत्तर : 2018 पासून राज्यात बंदी असलेली, भराभर पेटणारी वस्तू जपायला याहून चांगली जागा कुठली? धुरातून जीव वाचवून आलेल्यांना उबही मिळेल. ती जागा मोकळी आणि बिनकुलपी ठेवा. जिन्याच्या फायर डोअरला टेकवलेली तुळशीची कुंडीही हलवा. दार उघडं राहिलं की जिन्याचं धुराडं होतं.

प्रश्न : मॉक ड्रिलला कोणी येतच नाही.

उत्तर : खाली वडापाव ठेवा. लिफ्टने आलेल्यांना देऊ नका.