जुन्या जनगणनेत पणजोबांचं नाव सापडेल का? गाव नागपूर जिल्ह्यातल्या उमरेड तालुक्यात आहे.

जनगणनेत नाही. 1881 असो वा 1931, छापील अहवालांत फक्त आकडे आहेत. घरोघरच्या चिठ्ठ्या जपून ठेवल्या नाहीत. नावं मिळतात ती महसुली कागदांत.

आजच्या सातबाऱ्यापासून मागे चला. त्यावरचे फेरफार (हक्कबदलाच्या नोंदी) यांचे क्रमांक लिहून घ्या, तलाठ्याकडून किंवा तहसीलच्या अभिलेख कक्षातून ते फेरफार काढा. वारस नोंदीचा फेरफार सर्वात कामाचा, एकाच कागदावर दोन पिढ्या. मग 1954-55 चा अधिकार अभिलेख (जमिनीवर कुणाचा हक्क याची नोंद) आणि त्याआधीची बंदोबस्ताची मिसल, म्हणजे सारा ठरवताना केलेली गावाची फाइल. अर्जात मौजा (महसुली गाव), पटवारी हलका (पटवाऱ्याकडचा गावांचा गट) आणि जुना खसरा नंबर (शेताच्या तुकड्याचा क्रमांक) हवाच. बहुतेक जण इथेच अडकतात, कारण आजचा गट नंबर जुन्या कागदाला लागू होत नाही. आधी दोन्ही नंबर जुळवून घ्या.

जमीन नव्हती? कोतवाल बुक, म्हणजे गावच्या कोतवालाची जुनी नोंदवही मागा. त्यात जन्ममृत्यू असतात, पण बाळाचं नाव बहुधा नसतं, नुसतं ‘मुलगा’ आणि बापाचं नाव. म्हणून बापाच्या नावानेच शोधा. आडनावावर विसंबू नका, जुन्या नोंदीत अनेकदा नाव, ‘वल्द’ (म्हणजे मुलगा) अमुक आणि जात एवढंच असतं. मजकूर मोडीत असेल तर आधी साक्षांकित नक्कल घ्या, लिप्यंतर नंतर.

आणि हो, मालगुजारी, म्हणजे गावाचा सारा भरणाऱ्या मालगुजाराकडे गावाची मालकी असण्याची पद्धत, 1951 मध्ये संपली. त्याआधीच्या कागदात मालक म्हणून दिसणारा मालगुजार तुमचा पूर्वज असेलच असं नाही. जमीन कसणाऱ्या कुळांच्या यादीतही पाहा.