गाडीच्या टपावर चतुरांची अंडी

प्रश्न: सप्टेंबर सरत आला की आमच्या घरामागच्या माळावर पिवळसर चतुरांचे थवे दिवसभर घिरट्या घालतात, कुठे बसतच नाहीत. काही जोड्या माझ्या काळ्या गाडीच्या टपावर शेपूट आपटत अंडी घालतात. हे येतात कुठून, जातात कुठे? शेजारी म्हणतात, औषध फवारा. फवारू का?
– एक वाचक, फलटण

उत्तर: फवारणी मुळीच करू नका, हे सगळ्यात आधी. तुमच्या माळावर ते डास-चिलटं गिळतच फिरताहेत, आणि डबक्यातली त्यांची पिल्लं डासांच्या अळ्या फस्त करतात.

हा पँटाला वंशातला चतुर, पँटाला फ्लॅवेसेन्स. वंशात जाती दोनच. दुसरी अमेरिका खंडांत. आपली मात्र जगभर, चिलीपासून सुमारे ३,५०० किलोमीटरवरच्या ईस्टर बेटावरसुद्धा. बसत नाही म्हणता, पण संध्याकाळी कुंपणाच्या काटक्या बघा. इतर चतुरांसारखा आडवा न बसता हा सरळ खाली लोंबतो. तेवढ्यात निरखून घ्या: सोनेरी पिवळं अंग, तांबूस डोळे, शेपटीच्या टोकाकडे काळे ठिपके, आणि बुडाशी चांगलेच रुंद असलेले मागचे पंख. याच पंखांवर तो तासन्‌तास तरंगतो.

गाडीवर मादी फसतेय. पाण्यावरून परावर्तित होणारा प्रकाश ध्रुवित, म्हणजे मुख्यतः एकाच दिशेत कंप पावणारा, असतो आणि त्यावरूनच ती पाणी ओळखते. काळा चकचकीत पत्रा तसाच प्रकाश फेकतो. मला याचं फार वाईट वाटतं, कारण ती अंडी उन्हात वाळून जातात. तुमचाही तोटाच: तापलेल्या पत्र्यावरची अंडी रंगाला डाग पाडतात. त्याच दिवशी ओल्या फडक्याने पुसा. त्यापेक्षा या दिवसांत गाडीवर कव्हर घाला.

येतात ते पावसाच्या डबक्यांतून. दीड-दोन महिन्यांत, डबकं आटायच्या आत, पिल्लाला पंख फुटतात. पाऊस परतला की ईशान्येचा वारा धरून निघतात. ऑक्टोबरात मालदीवमध्ये उतरणारे थवे भारतातून येतात आणि पुढे पूर्व आफ्रिकेच्या पावसाकडे जातात, असं सागरी जीवशास्त्रज्ञ चार्ल्स अँडरसन यांनी २००९मध्ये मांडलं. मालदीवमध्ये गोड्या पाण्याची डबकी जवळपास नाहीतच, म्हणजे तिथे थांबून पिल्लं वाढायची सोय नाही. अमूर ससाणेही याच सुमारास समुद्र ओलांडतात. वाटेत ते हेच चतुर खात असावेत, असाही अँडरसन यांचा अंदाज आहे.

माळावरचं डबकं कुणी मुरूम टाकून बुजवायला निघालं, तर पाणी आपोआप आटेपर्यंत थांबायला सांगा.