सद्दीकी फ्रान्सला गेले, पण कधी?

प्रिय विद्यार्थिनीस,

बी.ए.चं शेवटचं वर्ष, हाताशी काही एकांकिका स्पर्धांची बक्षिसं, आणि आता जमीन गहाण ठेवून अभिनयाच्या कोर्ससाठी परदेशी जायचा विचार, असं तुझं पत्र सांगतं. दाखला दिलास मोरोक्कोचे अभिनेते-दिग्दर्शक तैय्यब सद्दीकी यांचा: ‘ते फ्रान्सला गेले म्हणून मोठे झाले.’ दाखला उत्तम आहे, पण तू तो अर्धाच घेतलास.

मोरोक्कोतल्या एसाविरा गावी जन्मलेले सद्दीकी 1950च्या दशकात आधी मोरोक्कोतच, मामोराच्या नाट्यशिबिरांत घडले. फ्रान्समध्ये युबेर जिन्यू आणि जाँ व्हिलार या फ्रेंच दिग्दर्शकांच्या हाताखाली काम शिकले, ते त्यानंतर. कासाब्लांकात 1957मध्ये त्यांनी कामगार संघटनेच्या साथीने नाट्यपथक उभं केलं. गोगोल, बेकेट या युरोपीय लेखकांची नाटकं मोरोक्कन बोलीत आणली.

पण आज त्यांचं नाव निघतं ते 1960च्या दशकातल्या ‘सीदी अब्दर्रहमान अल-मज्दूब’मुळे. मज्दूब म्हणजे सोळाव्या शतकातला भटका कवी. त्याच्या चारोळ्या मोरोक्कोत आजही लोकांच्या तोंडी आहेत. सद्दीकींनी हे नाटक बांधलं ‘हलका’च्या धर्तीवर. माराकेशच्या जामा अल-फना चौकात कथेकरी उभा राहतो, लोक भोवती रिंगण धरतात आणि खेळ सुरू होतो, तो हा हलका. फ्रान्समध्ये कमावलेली शिस्त त्यांनी या रिंगणात ओतली. त्यांच्या पथकातल्या काही तरुणांनी पुढे ‘नास अल-घिवान’ हा गाजलेला संगीतसमूह काढला, हे मला फार मोलाचं वाटतं.

पोटापाण्याचं म्हणशील, तर सद्दीकी नुसते नट राहिले नाहीत. लिहिलं, दिग्दर्शन केलं, 1977पर्यंत कासाब्लांकाचं नगर नाट्यगृह सांभाळलं, 1984मध्ये ‘झेफ्त’ हा सिनेमा केला. तूही प्रकाशयोजना किंवा निर्मिती-व्यवस्थापन, काहीतरी एक मनापासून शीक. अभिनयाची कामं नसतात त्या महिन्यांत घर त्यावर चालतं.

आता तुझ्या पत्रातलं मला खटकलेलं वाक्य: ‘वडील गोंधळ घालतात, पण त्याचा माझ्या करिअरशी संबंध नाही.’ अगं, संबळाचा ताल, आख्यान रंगवणं, रात्रभर माणसं खिळवून ठेवणं हे शिकायला लोक दूरदूरून येतात. या वर्षी वडिलांबरोबर गोंधळाला उभी राहा, एक आख्यान तोंडपाठ कर.

पदवी हाती आली की पुण्याचं ललित कला केंद्र, मुंबई विद्यापीठाची लोककला अकादमी आणि दिल्लीचं राष्ट्रीय नाट्य विद्यालय, तिन्हीकडे प्रयत्न कर. दिल्लीचा अभ्यासक्रम तीन वर्षांचा आहे आणि विद्यार्थ्यांना शिष्यवृत्ती मिळते. परदेशाचा विचार त्यानंतर, तोही शिष्यवृत्ती असेल तरच. जमिनीला हात लावू नका, हे वडिलांनाही सांग. केलेल्या नाटकांची प्रमाणपत्रं, जाहिराती, फोटो आत्तापासून एका फाइलमध्ये लाव. प्रवेशाच्या वेळी अनुभवाचा पुरावा मागतात.