मोरचूद लोखंडी बादलीत का कालवू नये?

लोखंड तांब्यापेक्षा जास्त क्रियाशील असतं. मोरचूद म्हणजे कॉपर सल्फेट; त्याच्या द्रावणात लोखंड विरघळतं आणि तांबं बादलीवर चढतं. बुरशी मारणारं तांबं पानांऐवजी बादलीला!

१ टक्का बोर्डो मिश्रणासाठी (पिकांवर फवारायचं मोरचूद आणि चुन्याचं बुरशीनाशक) १ किलो मोरचूद प्लॅस्टिकच्या पिंपात ५० लिटर पाण्यात विरघळवा. १ किलो कळीचा चुना वेगळा विझवून, गाळून ५० लिटर करा. चुना पूर्ण थंड झाल्यावरच दोन्ही एकाच वेळी तिसऱ्या पिंपात ओतत लाकडी काठीने ढवळा. मग घासलेला खिळा किंवा विळा मिनिटभर बुडवा. तांबूस थर आला तर मोकळं तांबं उरलंय, पानं करपतील. थर थांबेपर्यंत चुन्याचं पाणी वाढवा. फवारणी त्याच दिवशी उरका, शिळ्या मिश्रणाचे कण जाड होऊन पानाला नीट चिकटत नाहीत.