गाणं त्यांचं, कडवं तुमचं

एका हिंदी इंडी (मोठ्या कंपनीविना गायकाने स्वतः काढलेल्या) गाण्यावर वऱ्हाडीत रॅप लिहिला. मित्र म्हणतात, "भाषा सुधार, मंग टाक." काय करू? (दारव्हा, जि. यवतमाळ)

भाषेला हात लावू नका. 'करतोय' म्हटलं की शब्द पटकन संपतो. 'करून राह्यलो' म्हणून पाहा: क-रून-राह्य-लो. 'राह्य'वर जोर आपोआप पडतो, आणि रॅपला तोच हवा असतो. गाणं संथ, मिनिटाला ७२ ठोक्यांचं असेल तर १४४ धरून म्हणा. ठेका मोडत नाही आणि शब्दांना दुप्पट जागा मिळते. मूळ ओळींचा नुसता वऱ्हाडी तर्जुमा मात्र नको. खडीगंमतीत, म्हणजे आपल्याकडच्या शाहिरी लोकनाट्यात, समोरच्या शाहिराचा सवाल ऐकून दुसरा उभा राहतो, तसा त्या गाण्याला जवाब द्या. गाणं विरहाचं असेल, तर तुमच्या कडव्यात पुण्याला कामाला गेलेल्या भावाची रिकामी खाट येऊ द्या.

खंजिरी भजन आणि गिटारचं गाणं जोडलं. ठेका जुळला, तरी कानाला खटकतं. (चिमूर, जि. चंद्रपूर)

सा जुळलेला नाही. पेटीवर दोन्हींचा सा शोधा आणि गिटारची पट्टी सरकवा. भजनाची वर सरकवली तर बुवांचा आवाज लहान पोरासारखा होतो. गाण्यातून आवाज वेगळा काढणाऱ्या ॲपला खंजिरीच्या चकत्यांचा छणछणाट नीट सोडवता येत नाही, म्हणून गावच्या मंडळाकडूनच नव्याने म्हणवून घ्या. भजन तुकडोजी महाराजांचं असेल तर ते सगळ्यांचंच आहे असं धरून चालू नका. महाराजांचं निर्वाण १९६८ चं. लेखनाचा हक्क त्यानंतर ६० वर्षं, म्हणजे २०२८ अखेरपर्यंत चालतो.

चाहता म्हणून मॅशअप (दोन गाणी जोडून एक) केला, एक रुपया घेतला नाही, श्रेयही दिलं. तरी यूट्यूबवर कॉपीराइटचा दावा आला. हे बरोबर आहे का? (अचलपूर, जि. अमरावती)

तुमचं मन दुखलं असणार, पण दावा चूक नाही. पैसे घेतले नाहीत म्हणून परवानगी मिळाली असं होत नाही. एका गाण्यात शब्द-चालीचा हक्क वेगळा आणि रेकॉर्डिंगचा वेगळा. तुम्ही दोन्ही वापरले. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कव्हरसाठी (तेच गाणं नव्याने गाऊन रेकॉर्ड करण्यासाठी) परवाना आहे, पण मूळ रेकॉर्डिंगला पाच वर्षं झाल्यावरच, आणि त्यात शब्द किंवा चाल मनासारखी बदलता येत नाही. मॅशअप किंवा रॅप त्यात बसत नाही. घाबरू मात्र नका: दावा म्हणजे स्ट्राइक (चॅनलवर येणारी ताकीद) नव्हे. बहुतेकदा व्हिडिओ राहतो, जाहिरातीचे पैसे मालकाकडे जातात.

इंडी गाण्याचं एक बरं असतं. हक्क पुष्कळदा गायकाच्याच हाती असतात. टाकण्याआधी त्याला तुमचं कडवं पाठवा, दोन ओळींत अर्थ सांगा आणि होकार लेखी मागा.

टिनाच्या घरात आवाज घुमतो. स्टुडिओ दूर आहे. (राळेगाव, जि. यवतमाळ)

वेचणीनंतर कापूस भरलेल्या खोलीत जा. गंजीकडे तोंड करा, मोबाइल हातभर अंतरावर उशीवर ठेवा. कापूस घुमारा पिऊन टाकतो. फुलबाह्यांचा सदरा घाला, साठवलेला कापूस खाजतो. आणि बिडी-काडी बाहेर ठेवून या.