कानांनी खेळताना : स्क्रीन रीडर आणि ऑनलाइन रोल-प्लेइंग खेळ

एखादं पात्र होऊन खेळायच्या खेळांबद्दल आलेल्या या वेळच्या पत्रांत अंध खेळाडूंची पत्रं आहेत, तशीच त्यांच्यासोबत खेळणाऱ्या आणि त्यांच्यासाठी खेळ बनवणाऱ्या डोळस वाचकांचीही आहेत. ही दुसऱ्या प्रकारची पत्रं वाढताहेत याचा मला फार आनंद आहे.

प्रश्न : मी पूर्ण अंध आहे आणि पडद्यावरचा मजकूर बोलून दाखवणारा एनव्हीडीए हा स्क्रीन रीडर रोज वापरतो. मित्रांचा खेळ उघडला की स्क्रीन रीडर खिडकीचं नाव सांगतो आणि गप्प बसतो. मला खेळता येईल असं काही आहे का?

आहे, आणि तुम्हाला वाटतं त्यापेक्षा बरंच जास्त आहे. आधी तो गप्प का बसतो ते पाहू. स्क्रीन रीडरला मजकूर लागतो. चित्रमय खेळ मात्र मेनूवरची अक्षरंसुद्धा चित्र म्हणून रंगवतात. त्यामुळे पडद्यावर ‘खेळ सुरू करा’ असं ठळक लिहिलेलं असलं तरी एनव्हीडीएच्या हाती काहीच लागत नाही.

म्हणून सुरुवात मडपासून, म्हणजे मजकुरावर चालणाऱ्या ऑनलाइन खेळांपासून करा. १९७८ मध्ये इंग्लंडच्या एसेक्स विद्यापीठात रॉय ट्रबशॉ आणि रिचर्ड बार्टल यांनी ‘मल्टी-यूजर डंजन’ हा खेळ लिहायला घेतला. त्याच्या आद्याक्षरांवरून या साऱ्या प्रकाराला मड म्हणतात. खोलीचं वर्णन, दारं, राक्षस, लढाई, इतर खेळाडूंच्या गप्पा, सगळं मजकुरात येतं आणि तुम्हीही आज्ञा टाइप करूनच खेळता. हे खेळ अंधांसाठी म्हणून बनलेले नाहीत. तिथे डोळस आणि अंध खेळाडू एकाच जगात, एकाच नियमांनी खेळतात, आणि मला त्यांचं मोल वाटतं ते याचसाठी. बहुतेक मड इंग्रजीत आहेत, ही अडचण मात्र खरी आहे.

आल्टर इऑन हा १९९५ पासून चालू असलेला मड अंध खेळाडूंकडे विशेष लक्ष देतो. आर्डवुल्फ या मडसाठी स्क्रीन रीडर वापरणाऱ्यांकरता तयार केलेलं क्लायंटचं (मडला जोडून देणाऱ्या प्रोग्रॅमचं) वेगळं पॅकेज मिळतं. विंडोजवर मशक्लायंट हा क्लायंट वापरणार असाल तर त्यासोबत मशरीडर हे प्लगइन हवंच, कारण नवीन येणाऱ्या ओळी मशक्लायंट आपणहून बोलून दाखवत नाही. मडलेट या दुसऱ्या क्लायंटच्या अलीकडच्या आवृत्त्यांत ही सोय आतच आहे. पहिल्या दिवशी एक काम आवर्जून करा : खेळाच्या सेटिंगमध्ये चिन्हांनी काढलेला नकाशा बंद करा. नाहीतर प्रत्येक खोलीत शिरताना ‘डॅश डॅश उभी रेघ तारा’ ऐकत बसावं लागेल.

प्रश्न : मी काही महिने मड खेळते आहे. शांत वेळी मजा येते, पण लढाईत आवाज मागे पडतो. माझं पात्र मरून पडलेलं असतं आणि स्क्रीन रीडर अजून तिसरा वार वाचत असतो. बोलण्याचा वेग वाढवूनही उपयोग झाला नाही.

अडचण वेगाची नाहीच, म्हणून वेग वाढवून ती सुटत नाही. डोळा वीस ओळींमधून कामाच्या दोन टिपतो आणि बाकीच्या सोडून देतो. कानाला तसं करता येत नाही. जे आधी आलं ते आधी ऐकावं लागतं आणि प्रत्येक निरुपयोगी ओळ पुढच्या ओळीचा वेळ खाते. तेव्हा कानापर्यंत काय पोचू द्यायचं हे आधीच ठरवून ठेवायला हवं.

पहिली छाटणी खेळातच करा. बहुतेक मडमध्ये खोलीची वर्णनं आखूड करणारी ‘ब्रीफ’ ही आज्ञा असते. इतरांच्या लढाईच्या ओळी बंद करण्याचीही सोय अनेक ठिकाणी सापडते. प्रत्येक आज्ञेनंतर येणारी प्रॉम्प्टची ओळ बदलता येत असेल तर ती फक्त आयुष्य आणि मंत्रशक्ती या दोन आकड्यांवर आणा. हे सर्व्हरवरच झालं की पुढचं निम्मं ओझं उतरतं.

दुसरी छाटणी क्लायंटमध्ये. ठरावीक ओळ आली की ती गिळून टाकायची, याला गॅग म्हणतात. ठरावीक ओळ आली की काहीतरी करायचं, तो ट्रिगर. या दोन्हींतून साउंडपॅक तयार होतात : वार लागला की एक आवाज, चुकला की दुसरा, विष भिनलं की तिसरा. एक आवाज अर्ध्या सेकंदात जे सांगतो ते वाक्याला सांगायला तीन सेकंद लागतात, आणि आवाज बोलण्याच्या जोडीनेही वाजू शकतो. पण सगळ्याचेच आवाज करू नका. जे वारंवार येतं आणि ज्याचा अर्थ ठरलेला आहे, त्यालाच आवाज द्या. नावं, आकडे आणि माणसांचं बोलणं शब्दांतच राहू द्या. चाळीस वेगवेगळे आवाज लक्षात ठेवायची वेळ आली की आधीचीच दमणूक परत येते. आयुष्याचा आकडाही दर वेळी बोलू नये. तो निम्म्यावर आणि पावावर आला तरच बोलेल असा ट्रिगर लिहा.

आता एनव्हीडीएकडे वळू. मडच्या क्लायंटसाठी वेगळं प्रोफाइल, म्हणजे सेटिंगचा वेगळा संच करा (एनव्हीडीए कळ, कंट्रोल आणि पी एकत्र दाबून). ते त्या प्रोग्रॅमशी जोडून ठेवलं की आपोआप लागू होतं. त्यात विरामचिन्हांची पातळी कमी ठेवा आणि टाइप केलेली अक्षरं बोलणं बंद करा. एक गोष्ट अनेकांच्या लक्षात येत नाही : कळ दाबली की चालू बोलणं तुटावं, हा पर्याय मुळातच सुरू असतो. लढाईत तुम्ही सतत आज्ञा टाइप करता, म्हणजे सतत काहीतरी तोडत असता. तुमच्या पात्राच्या मरणाची बातमी अशीच हरवत असेल. कीबोर्डच्या सेटिंगमध्ये हा पर्याय बंद करून बघा. नको असलेलं बोलणं थांबवायला कंट्रोल कळ आहेच.

शेवटी, मागच्या ओळी परत ऐकायच्या कळा हाताखाली बसवा. अनेक साउंडपॅकमध्ये शेवटच्या दहा ओळी आकड्यांच्या कळांवर मिळतात, आणि गप्पांचा साठा लढाईपासून वेगळा असतो. सुटलेलं परत मिळेल याची खात्री असली की प्रत्येक ओळ पकडण्याची धडपडही कमी होते.

प्रश्न : आम्ही पाच जण चॅट ग्रुपवर मराठीतून रोल-प्लेइंग खेळतो. मी गेम मास्टर आहे, म्हणजे गोष्ट आणि नियम माझ्याकडे असतात. नवीन आलेली मैत्रीण स्क्रीन रीडर वापरते. आम्ही काय बदलावं?

पहिलं, तिलाच विचारा. तिच्या स्क्रीन रीडरचा आवाज कोणता आहे यावर पुष्कळ काही अवलंबून असतं. निव्वळ इंग्रजी आवाज देवनागरी मजकूर गाळतो किंवा त्याची अक्षरं सुटी करतो. एनव्हीडीएसोबत येणाऱ्या ई-स्पीक या आवाजांच्या संचात मराठी आहे, आणि तो मराठी आवाज मधले रोमन लिपीतले शब्द इंग्रजी पद्धतीने उच्चारतो. त्यामुळे देवनागरीत लिहिलेली मराठी चालते, मध्ये आलेला इंग्रजी शब्दही चालतो. रोमन लिपीत लिहिलेली मराठी मात्र ऐकायला असह्य होते. तुमच्या ग्रुपमध्ये ती सवय असेल तर ती आजच सोडा.

पात्रांची नावं नक्षीदार अक्षरांत लिहू नका. ती अक्षरं खरं तर गणिताची चिन्हं असतात, आणि स्क्रीन रीडर ती एकेक करून वाचतो किंवा वगळतो. ओळीने दहा इमोजी म्हणजे दहा वर्णनं ऐकणं. फासे टाकणारा बॉट निकाल मजकुरात देतो ना, हे तपासा. चित्र टाकलंत तर पर्यायी मजकूर, म्हणजे चित्राचं शब्दांतलं वर्णनही द्या, पण ‘नकाशा’ एवढा एकच शब्द लिहून त्यातलं काहीच कळत नाही.

चौकटींच्या नकाशाऐवजी जागा नावाने सांगा : ओसरी, विहिरीचा काठ, माळा. कोण कुठे आहे आणि कुठून कुठे एका चालीत जाता येतं, ते प्रत्येक फेरीच्या सुरुवातीला एका संदेशात लिहा. वर्णनाचा क्रमही महत्त्वाचा आहे. मी आधी धोका सांगते, मग वाटा, मग हाताला लागतील अशा वस्तू, आणि वातावरण शेवटी. वाघ आहे हे तिला पाचव्या वाक्यात कळून चालणार नाही.

पात्राची माहिती साध्या ओळींत ठेवा, ‘ताकद : १४’ अशी. स्कॅन केलेली पानं नकोत. डंजन्स अँड ड्रॅगन्स या रोल-प्लेइंग खेळाच्या पाचव्या आवृत्तीचा मूलभूत नियमसंच २०२३ पासून क्रिएटिव्ह कॉमन्स परवान्याखाली खुला आहे. श्रेय देऊन त्याचा मराठी, साधा मजकूर तुम्ही कायदेशीरपणे तयार करू शकता. कुणी ते काम हाती घेतलं तर मला जरूर कळवा.

प्रश्न : माझे ट्रिगर पाहून एक खेळाडू म्हणाला, ही फसवणूक आहे. खरंच आहे का?

माहिती कळवणारा ट्रिगर फसवणूक नाही. तुमच्याऐवजी निर्णय घेऊन आज्ञा धाडणारा ट्रिगर बहुतेक ठिकाणी नियमाबाहेर जातो. ‘आयुष्य पावावर’ असं बोलणारा पहिल्या प्रकारचा, आणि आपोआप औषध पिणारा दुसऱ्या प्रकारचा. सर्व्हरचे नियम वाचा, शंका असेल तर प्रशासकांना आधी विचारून उत्तर जपून ठेवा. आणि त्या खेळाडूला सांगा की त्याचे डोळे जे काम फुकट करतात तेच काम तुमचे ट्रिगर करताहेत.

प्रश्न : मी ब्राउझरमध्ये चालणारा मजकुराचा रोल-प्लेइंग खेळ लिहितो आहे. कमीत कमी काय करायला हवं?

खेळाचा मजकूर कॅनव्हासवर (पानातल्या चित्र काढायच्या भागावर) रंगवू नका, तो पानावर खरा मजकूर म्हणून द्या. नव्या ओळी जिथे येतात त्या भागाला एरिया (ARIA, वेबपानं सुलभ करणाऱ्या खुणांचा संच) यातली ‘लॉग’ ही भूमिका द्या, म्हणजे भर पडेल तसं स्क्रीन रीडर ती सावकाश, चालू वाक्य न तोडता वाचतो. तोडून बोलणारी ‘असर्टिव्ह’ सूचना फक्त जिवावर बेतणाऱ्या प्रसंगासाठी राखा. सगळंच तातडीचं केलंत तर काहीच ऐकू येणार नाही. बटणं खरी बटणं असू द्या. नवीन ओळ आल्यावर फोकस लिहिण्याच्या जागेवरून हलवू नका. आयुष्याची पट्टी रंगाने दाखवत असाल तर तोच आकडा एका आज्ञेने विचारता आला पाहिजे. मग माउस बाजूला ठेवा, पडदा बंद करा आणि स्वतः एक लढाई खेळा.

इंजिन (खेळ बनवायचं तयार सॉफ्टवेअर) वापरणार असाल तर गोडो या इंजिनाच्या ४.५ आवृत्तीत, २०२५ मध्ये, स्क्रीन रीडरसाठी आधार आला आहे.

प्रश्न : आणि मोठे चित्रमय ऑनलाइन खेळ? तिथे आम्हाला कधी जागा मिळेल?

थोडी मिळाली आहे, पण ती कुठे मिळाली ते पाहा. अमेरिकेच्या २०१० च्या संपर्क-सुलभता कायद्यातून खेळांना दिलेली सूट २०१८ च्या अखेरीस संपली. त्यामुळे कंपन्यांना चॅट सुलभ करावं लागलं, आणि आज अनेक खेळ चॅट वाचून दाखवतात. कायदा संवादाबद्दल आहे, लढाईबद्दल नाही. म्हणून मित्र काय म्हणाला ते ऐकू येतं, पण समोर कोण उभं आहे ते कळत नाही.

ती दरी खेळाडूंनीच काही ठिकाणी बुजवली आहे. वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्टच्या क्लासिक आवृत्तीसाठीचं स्कू हे अ‍ॅडऑन वाटा, लक्ष्य आणि मेनू आवाजाने सांगतं, आणि त्याच्या आधारावर अंध खेळाडू त्या जगात फिरतात, लढतात. ज्या खेळात असं काही नाही, तिथे एनव्हीडीए आणि आर या कळांनी विंडोजची ओसीआर (चित्रातली अक्षरं ओळखणारी सोय) चालते. ती थांबलेल्या मेनूपुरती ठीक आहे, चालत्या लढाईत तिचा उपयोग नाही.

खेळ विकत घेण्याआधी निर्मात्यांना लिहून विचारा : कोणते मेनू बोलतात, लक्ष्य कसं सांगितलं जातं, नकाशाला पर्याय काय. ‘आमचा खेळ सुलभ आहे’ एवढंच मोघम उत्तर आलं तर पैसे देऊ नका, आणि का देत नाही तेही त्यांना कळवा.